सारसाचं अभिभाषण

जंगलात लांडग्यांचं मंत्रिमंडळ होतं, त्या काळची गोष्ट. राज्यपाल होता म्हातारा सारस. मंत्र्यांनी लिहिलेलं अभिभाषण सगळ्या प्राण्यांपुढे वाचायचं, एवढंच त्याचं काम.

"माझ्या सरकारने पाणवठ्याचं काटेरी कुंपण काढायचं ठरवलं आहे," सारसाने वाचलं.

पाडसाला बिलगून उभी असलेली हरिणी पुढे आली. "महामहीम, त्या कुंपणामुळेच आमची पोरं जगतात हो!"

सारस अडखळला. "बाई, शब्द त्यांचे आहेत. माझा फक्त आवाज."

त्याने पान उलटलं. घोषणा झाली की खूर आपटून तिचं स्वागत करायची रीत होती. कोणाचे खूर वाजत नाहीत, हे लांडगे मान वळवून पाहू लागले.

हरिणीने पाडसाला पोटाखाली ओढलं आणि सगळ्यांपेक्षा जोरात खूर आपटले.