पानमळ्याचा निकाल

एका गावच्या चावडीत एक न्यायाधीश बसायचा. माणूस सरळ, लाचेला कधी हात लावला नाही, आणि जुने कागद वाचण्यात तर त्याचा हात धरणारा पंचक्रोशीत कुणी नव्हता. या भल्या माणसाने एका गरीब बाईचं वाटोळं केलं, आणि तेही निकाल तिच्याच बाजूने देऊन. ऐकणाऱ्याचा विश्वास बसत नाही. पण झालं ते असं.

त्या राज्यात राजाने न्यायाची कामं वाटून दिली होती. कुणी कुणाला जमिनीवरून दांडगाईने हाकललं, तर गावच्या चावडीने त्याला परत नेऊन तिथे बसवायचं. हे वर्षाच्या आत उरकायचं. चावडीने वर्ष घालवलं, तर तिचा त्यातला अधिकारच संपायचा. जमीन मुळात कोणाच्या मालकीची, हा प्रश्न चावडीचा नव्हताच. तो शहरातल्या मोठ्या कचेरीचा.

एके सकाळी एक बाई चावडीत आली. नवरा वारल्यापासून ती एकटीच गावाबाहेरचा पानमळा राखत होती. खुडून खुडून तिची बोटं काळी पडली होती.

"सरकार, चार दिवस झाले, दिराने मला मळ्यातून बाहेर काढलंय. दाराला कुलूप घातलंय. पानवेलींना रोजचं पाणी लागतं हो. मला तेवढं आत जाऊ द्या."

"मळा तुझाच कशावरून?" न्यायाधीशाने विचारलं.

बाईने घाबरत घाबरत पदराआडून सासऱ्याने करून दिलेला कागद काढला. जुना, पिवळा, कोपऱ्यात कसरीने खाल्लेला. तो पाहून न्यायाधीशाचे डोळे असे चमकले की काय सांगावं!

म्हातारा चिटणीस शेजारी बसला होता. तो हळूच म्हणाला, "सरकार, मालकीचं आपल्याकडे नाही. बाई चार दिवसांपूर्वीपर्यंत मळ्यात होती, सगळ्या गावाने पाहिलंय. आत्ता शिपाई पाठवा, कुलूप काढून द्या. आपलं काम तेवढंच."

"अहो चिटणीस, कुलूप काढायला न्यायाधीश कशाला हवा? मी मूळ प्रश्नच सोडवतो. एकदा मालकी ठरली की दार आपोआप उघडेल."

आता या हुशारीला काय म्हणावं? चिटणीसाने पुढची तारीख लिहून घेतली. हे कळल्यावर दीर मात्र मनातून खूश झाला. त्याला वेळच हवा होता. प्रत्येक तारखेला तो एक नवा कागद आणायचा, एक नवा साक्षीदार उभा करायचा, आणि न्यायाधीश मोठ्या आवडीने सगळं तपासत बसायचा. शाई कोणत्या काळातली, सही कोणाची, बांध कुठून कुठे, काही म्हणून सोडलं नाही.

बाई दर तारखेला एकच विचारायची, "सरकार, आत कधी जाऊ?"

"धीर धर. असा निकाल लिहितो की सात पिढ्या कुणी मळ्याकडे बोट करणार नाही."

निकाल तयार झाला तेव्हा चाळीस पानं भरली होती. भर चावडीत वाचला. मळा बाईचाच, पुराव्यासकट. लोकांनी माना डोलावल्या, बाई रडली. दिराने मुकाट नमस्कार केला आणि तडक शहराची वाट धरली.

त्याच्या तक्रारीवरून मोठ्या कचेरीने दार उघडणं थांबवलं, आणि आठवड्याने तिचं बोलावणं आलं. न्यायाधीश बाईला घेऊन निघाला. वाटेत त्याच्या मनात एकच होतं, आता शाबासकी मिळणार.

मोठ्या न्यायाधीशांनी पहिलं पान अर्धं वाचलं आणि कागद बाजूला ठेवला.

"हे ठरवायला तुम्हाला कुणी सांगितलं?"

"महाराज, यातली एक ओळ चुकीची निघाली तर सांगा."

"सगळं बरोबर असेल. पण मालकी ठरवण्याचा अधिकार तुम्हाला नाही, म्हणून हा निकाल निकालच नाही. बाईंनी इथे नवा दावा लावावा. पाच-सहा वर्षं लागतील. तोवर मळा आज ज्याच्या ताब्यात आहे त्याच्याकडेच राहील."

न्यायाधीश घाईने म्हणाला, "मग निदान ताबा तरी... तिला दांडगाईने काढलंय, दीरही ते नाकारत नाही. तिला आत बसवणं तर माझंच काम आहे. आज गावी पोचताच करतो."

"किती दिवस झाले काढून?"

न्यायाधीश बोटांवर महिने मोजू लागला. मागून बाईच म्हणाली, "तेरा महिने."

"वर्ष उलटलं," मोठे न्यायाधीश म्हणाले. "आता तेही तुमच्या हातात नाही."

न्यायाधीशाच्या आता ध्यानात आलं. जे आपलं नव्हतं ते तेरा महिने करत बसलो, आणि जे आपलं होतं, अर्ध्या दिवसाचं, ते केलंच नाही! "महाराज, चूक माझी आहे. शिक्षा मला करा, तिला नको."

"तुमची जागा काढून घेता येईल. गेलेलं वर्ष तिला कुठून आणून देऊ?"

परतताना न्यायाधीशाची तिच्याकडे पाहायची हिंमत होईना. वाटेत बाई आपणहून बोलली. "सरकार, मला अक्षर येत नाही. तुम्ही एवढं लिहीत होता, तेव्हा वाटायचं, माझं भलंच होत असणार."

गावाजवळ पानमळा लागला. कुलूप नव्हतं. दिराला आता कुलपाची गरजच उरली नव्हती. जमीन हातची जाईल तेव्हा जाईल म्हणून त्याने पानं ओरबाडून विकली होती, पाणी कधीच तोडलं होतं, आणि वेलींना आधार देणारी शेवरीची झाडंसुद्धा सरपणाला तोडली होती.

पानमळ्यात कुणी जोडा घालून जात नाही, तशी रीतच आहे. न्यायाधीश दाराशी थांबला आणि सवयीने जोडा काढायला खाली वाकला.

"असू द्या पायात," बाई म्हणाली. "आत आता मळा नाही."

तात्पर्य, आणि खुर्चीवर बसणाऱ्या प्रत्येकाने हे नीट ऐकावं: जे ठरवायचा अधिकार आपल्याला नाही, ते कितीही बरोबर ठरवलं तरी दारात आलेल्या माणसाच्या हाती काही पडत नाही. आपल्या वाट्याचं साधं काम आधी करावं, आणि वेळेत करावं.