इनामदारांची डोली

पीरसाहेबांच्या डोंगरावर रीत एकच. उरुसाच्या सकाळी जो आधी वर पोचेल, त्याचा गलेफ कबरीवर आधी चढायचा. मग तो रेशमी असो की मांजरपाटाचा.

एका वर्षी इनामदार रंगराव चार भोयांच्या डोलीत बसून सगळ्यांच्या आधी दर्ग्याच्या दारात उतरले आणि त्यांनी जरीचा गलेफ उलगडला. म्हातारे मुजावर दादूभाई म्हणाले, "सरकार, पहिला मान या भोयांचा."

इनामदार भडकले. "डोली माझी, भोई माझे, आणि मान त्यांचा? दर्ग्याच्या दिव्याचं तेल माझ्या घरून येतं. उद्यापासून बंद करीन."

दादूभाई शांतपणे म्हणाले, "ते तेलही याच भोयांच्या खांद्यावरून वर येतं, सरकार. पण आधी पोचलं म्हणून तेलाला आम्ही कधी मान दिला नाही."

भोयांनी हसू लपवायला तोंडं फिरवली. इनामदार बाजूला सरले आणि भोयांनी कमरेला बांधून आणलेला साधा हिरवा गलेफ आधी चढला.

पुढच्या उरुसाला इनामदार धापा टाकत, पायी, अगदी शेवटी पोचले. दादूभाईंनी पाण्याचा तांब्या पुढे केला. "या सरकार. गेल्या वर्षी तुम्हाला आणलं होतं, यंदा तुम्ही आलात."