मिरचीची पोती आणि बेटावरचं भिंग

फार पूर्वीची गोष्ट. माघातली सकाळ होती, सूर्य कासराभर वर आला होता. बंदराच्या धक्क्यावर लाल मिरचीची चाळीस पोती तोंडं उघडून उभी होती आणि त्यातलं एकही जहाजावर चढत नव्हतं.

पोती एका डोंगरगावाची होती. त्या गावाची मिरची समुद्रापलीकडच्या श्रीमंत बेटावर जाई, आणि तिच्यावरच गावाचं वर्ष निघे. गावाच्या वतीने धुरपदाकाकी माल घेऊन आली होती.

बेटाच्या तपासनिसाने भिंग पुसलं. "बाई, आत बुरशी आहे. खाऊन माणसं आजारी पडतात. माल परत."

"अहो सरकार, माझ्या आजेसासूच्या काळापासून हीच मिरची खाताय की तुम्ही!"

"तेव्हा भिंग नव्हतं."

मालाचा दलाल हळूच जवळ सरकला. "काकी, कोरडी निवडून वर पसरा, पुन्हा दाखवू. हा कोपरापर्यंतच हात घालतो. जहाज दुपारच्या भरतीला सुटतंय, पुढचं एकदम महिन्याने."

काकीने स्वतःच पोत्यात खांद्यापर्यंत हात घातला आणि तळाची मूठ नाकाशी धरली. कुबट वास आला. तिला चटकन उमगलं. पोती भरताना मिरची तुटू नये, ठसका लागू नये, म्हणून गावच्या बायका तिच्यावर पाण्याचा हबका मारत. काकीला ते सासूने शिकवलं होतं आणि काकीने गावातल्या साऱ्या सुनांना.

"चूक माझी आहे," ती म्हणाली. "हे कुणाच्या तरी लेकराच्या ताटात जायचं. परत न्या पोती."

"आणि गाव काय खाईल? तुमचं प्रवचन?" दलाल फणकारला.

"ताक-भाकरी खाईल. तुमचं तोंड बघून काही पोट भरत नाही."

जहाज गेलं. गावात काकीशी कुणी धड बोलेना. पाटील म्हणाला, "काकी, तुझ्या खरेपणाला आता फोडणी देऊ का? मिरची तर घरातच आहे!"

काकीने खराब माल खड्ड्यात पुरला. शेवटच्या तोड्याची मिरची बायकांनी उंच माचांवर वाळवली आणि तोंडाला पदर बांधून, ठसकत, शिंकत, कोरडीच भरली. तुटली ती तुटली. पंचवीस पोती झाली.

महिन्याने तपासनिसाने तळापर्यंत हात घातला. बुरशीचा कणही निघाला नाही. मग त्याने खिशातून दुसरं भिंग काढलं. "नियम बदललाय. हे दहापट बारीक दाखवतं. शिवाय आमच्या कचेरीचा शिक्का लागेल. सहा महिने थांबा."

"पहिल्या भिंगातून पास झालेली मिरची खाऊन कुणी आजारी पडलं का?"

"ते मला ठाऊक नाही."

"मग लावा तुमचं भिंग, मी काही भीत नाही. पण ते पलीकडचं पोतं कुणाचं?"

"आमच्या बेटाच्या मिरचीचं. तुमच्या बाजारात विकायला आणलंय."

"त्यालाही हेच लावा."

"त्याला गरज नाही."

"का बरं?"

"ते आमचं आहे!"

धक्क्यावर हशा पिकला. हमाल थांबले, व्यापारी गोळा झाले. जहाजाचा नाखवा पुढे आला. "साहेब, लावायचं तर दोन्ही पोत्यांना लावा, नाहीतर खिशात ठेवा. माझी भरती तुमच्यासाठी थांबत नाही."

तपासनिसाने भिंग खिशात ठेवलं आणि शिक्क्याचा हट्टही सोडला. पंचवीसच्या पंचवीस पोती जहाजावर चढली.

तात्पर्य: आपल्या मालातली बुरशी आधी आपणच काढावी. मग तपासणाऱ्याला जाब विचारताना आवाज कापत नाही. आता एवढंच सांगायचं उरलं, की बेटाचं ते पोतं त्या दिवशी न तपासताच बाजारात गेलं, आणि त्यात काय होतं हे आजतागायत कुणीही सांगितलेलं नाही.