खडूच्या टेकडीवरचा घोडा

एका राज्यात डोंगर आतून पांढरे होते. वर मेंढ्यांनी कुरतडून कुरतडून मऊ केलेले हिरवे गवत, गवताखाली वीतभर माती, आणि त्याखाली नुसता खडू. उंच कडे नाहीत, दाट राने नाहीत. एकीमागून एक गोल टेकड्या, पांघरूण घेऊन कुशीवर निजल्यासारख्या. पावसाचे पाणी त्या खडूत मुरून जाई, म्हणून टेकड्यांवर ना विहीर, ना ओढा. गावे सारी पायथ्याशी वसलेली. घरांच्या भिंती काळ्या गारगोट्यांच्या, कारण खडूत गारगोट्या मिळत आणि दुसरा दगड तिथे नव्हताच.

त्यातल्या पांढरझरा गावासमोरच्या टेकडीवर एक घोडा होता. कोणा पूर्वजाने गवत सोलून तो खडूत उमटवला होता. मान लांब, शेपूट लांब, चारी पाय धावते. तो टेकडीवर असेतो पायथ्याचा झरा वाहत असे. हे कसे, असे तिथे कोणी विचारत नसे. घोडा आहे, झरा आहे, दोघांची निगा राखायची, एवढे सर्वांना ठाऊक होते.

निगा म्हणजे अशी. दरसाल उन्हाळ्याच्या तोंडी सारा गाव टेकडीवर चढे, घोड्याच्या अंगावर आलेले गवत खुरप्याने काढी आणि ताजा खडू कुटून भरी. मग वरच जेवण होई. मेंढीच्या दुधाच्या चीजचा मोठा गोळा उतारावरून सोडून तरणीताठी मंडळी त्यामागे धावत आणि गुडघे फोडून घेत. एकच माणूस खाली राही. घोड्यावर उभे राहिले की घोडा दिसत नाही, नुसता खडू दिसतो. म्हणून झऱ्याकाठच्या शिळेवर उभे राहून कोणीतरी तांबडे फडके हलवायचे : इकडे खोदा, तिकडे थांबा. त्या माणसाला खुणेकरी म्हणत, आणि हे काम गोजराच्या घराण्याकडे होते. आधी आई, मग गोजरा. साऱ्या गावात घोडा रेषेरेषेने तिलाच पाठ होता, आणि साऱ्या गावात त्याला हात न लावलेली तीच एकटी होती. याचे तिला फार वाईट वाटे, पण बोलणार कोणाला?

एके वर्षी राजा सुकेतु उत्सवाला आला. राजा मनाने चांगला होता. त्याला जेवणाची आणि माणसांच्या गर्दीची भारी हौस. त्याने वरून खाली पाहिले आणि विचारले, "ती बाई एकटी खाली का?"

"महाराज, ती खुणेकरी आहे," गावकरी म्हणाले.

"आज कोणी एकटे राहायचे नाही. बोलवा तिला."

राजाची आज्ञा. गोजराने फडके शिळेवर ठेवले आणि चढू लागली. खरे सांगायचे तर ती धावतच चढली. पंक्तीत बसली, पोटभर जेवली, पोट दुखेपर्यंत हसली. पलीकडे मागे राहिलेले काही गडी अजून हात सैल सोडून खोदत होते. घोड्याच्या तोंडापाशी त्यांची रेघ जरा पुढे गेली, मग आणखी पुढे गेली, मग खाली वळली. थांबा म्हणून सांगणारे खाली कोणी नव्हते.

पाहुण्यांत अभ्रक नावाचा मांत्रिक बसला होता. त्याला तो घोडा कधीचा हवा होता, पण बिनदाव्याचे जनावर न्यायचे कसे? दुसऱ्या दिवशी गाव जागे झाले आणि पाहते तो टेकडी सारी हिरवी. तोंडापासून गेलेली ती चुकार रेघ म्हणजे दावेच झाले होते. अभ्रकाने त्याचे टोक धरले आणि घोडा चालवत नेला. दुपारपर्यंत झरा आटला. मेंढ्या कोरड्या ओढ्यात उभ्या राहून ओरडू लागल्या, आणि गावाच्या तोंडचे पाणी पळाले. झरा परतला नाही तर गाव उठणार, हे सांगायला ज्योतिषी नको होता.

राजाने मान खाली घातली. "चूक माझी," तो म्हणाला.

"आज्ञा आपली, महाराज, पण पाय माझे," गोजरा म्हणाली. "घोडा मी आणीन."

तिने फडके कमरेला खोवले. टेकडीच्या माथ्यावर एक चंडोल आभाळात गात होता, तो खाली उतरला.

"बाई, घोडा मी पाहिला आहे," चंडोल म्हणाला. "सात टेकड्यांपलीकडे गारगोटीचा बुरूज आहे. चल, मी वरून वाट दाखवतो."

बुरुजाच्या दारात अभ्रक बसला होता. त्याने गोजराला बसायला आसन दिले. मांत्रिक असला तरी रीत सोडणारा नव्हता.

"दावे ज्याच्या हाती, घोडा त्याचा," तो म्हणाला. "तरी तीन कामे करशील तर घोडा तुझा. एकातही चुकलीस तर माझ्या भिंतीत गारगोटी होऊन बसशील. या भिंतीतल्या बऱ्याच गारगोट्या अशाच आल्या आहेत."

"कामे सांगा," गोजरा म्हणाली.

"नदी, विहीर, पाऊस यांवाचून माझ्या टेकडीच्या माथ्यावर तळे भर."

गोजराने माथ्यावर उथळ खळगा खणला, पेंढा अंथरला, त्यावर चिकणमाती थापून पायांनी घट्ट केली. मेंढपाळ उंचावर मेंढ्यांसाठी करतात तसेच. पहाटेचे धुके टेकडीवर चढले आणि जाताना खळग्यात पाणी ठेवून गेले. थोड्या दिवसांत त्यात आभाळ दिसू लागले.

"टेकडीच्या पोटातला समुद्र दाखव," अभ्रक म्हणाला.

गोजरा विचारात पडली. समुद्र तिने उभ्या जन्मात पाहिला नव्हता. तेवढ्यात चंडोल म्हणाला, "बाई, लहानपणी खडू फोडून काय खेळायचीस?" तिने खडूचे ढेकूळ उचलले, गारगोटीवर आपटले, आणि आतून निघालेला शिंपला मांत्रिकाच्या तळहातावर ठेवला. अभ्रकाने तो कानाला लावला. आत समुद्राची गाज होती.

मग त्याने बुरुजामागचे अंगण उघडले. आत शंभर पांढरे घोडे उभे होते, सारखे उंच, सारखे शुभ्र.

"तुझा ओळख."

गोजरा घोड्यांमधून फिरली. एकाच्या मानेवर हात ठेवला, दुसऱ्याचे खूर पाहिले. तिला काहीच ओळखू येईना. एवढ्या जवळून तिने आपला घोडा कधी पाहिलाच नव्हता. गाव डोळ्यांपुढे आले, आटलेला झरा आला, आणि ती शिळाही आली.

"मला समोरच्या टेकडीवरून पाहू द्या," ती म्हणाली.

"नेमके कुठून पाहायचे ते मी सांगितलेले नाही," अभ्रक म्हणाला. "जा."

गोजरा समोरच्या टेकडीवर गेली आणि वळली. शंभर घोड्यांचे पांढरे ठिपके झाले होते. एकच घोडा तिथूनही घोडा होता : मान लांब, शेपूट लांब, आणि चारी पाय धावते. तिने तांबडे फडके उंच धरून उजवीकडे हलवले. तो घोडा उजवीकडे सरकला. तिने फडके खाली केले, तो थांबला. इतकी वर्षे तोही तिलाच पाहत आला होता.

अभ्रकाने दाव्यावरचा हक्क सोडला. शब्द म्हणजे शब्द. भिंतीतून गारगोट्या निखळल्या, त्यांची माणसे झाली आणि अंग झाडून आपापल्या घरी गेली. मांत्रिक शिंपला कानाला लावून बसून राहिला. त्याने पुढे कोणाचे काही नेल्याचे ऐकिवात नाही.

घोडा टेकडीवर परत आडवा झाला, पण तोंडापासून निघालेले दावे तसेच होते. ते मातीसकट सोललेल्या हरळीच्या लाद्यांनी बुजवायचे होते. गाव वर निघाले तेव्हा राजाने गोजरापुढे हात पसरला.

"फडके मला दे. आज तू वर जा."

"महाराज, जेवण वर आहे."

"ठाऊक आहे," राजा जड आवाजात म्हणाला आणि शिळेवर चढला.

गोजरा वर गेली. राजाने फडके हलवले तशी हरळी बसत गेली आणि दाव्याची रेघ मिटली. खाली झऱ्याने डोके वर काढले. मग गोजरा घोड्याच्या डोळ्यापाशी गुडघे टेकून बसली आणि दोन्ही हात खडूवर ठेवले. खडू गार होता. घोडा मुळीच दिसत नव्हता. तिने खाली पाहिले. दूरवर, वाहत्या पाण्याकाठी, शिळेवर एक तांबडा ठिपका हलत होता, आणि टेकडीवरचा प्रत्येक जण हातातले काम सोडून सारखा त्याच्याकडेच बघत होता. इतकी वर्षे ते असेच आपल्याकडे पाहत होते, हे तिला तेव्हा कळले, आणि तिचे डोळे भरून आले.

तेव्हापासून त्या गावात खुणेकरी पाळीने होतो. राजाची पाळी आली की चीजचा एक तुकडा आधी खाली पोचवतात, मगच खुरपी हाती घेतात.