दरवाजा बंद, चूल बंद

राजा मल्लसेनाला काही काम नव्हतं. शेजारचे राजे भांडायला येत नव्हते आणि कोंबड्यांच्या झुंजी बघून डोळे आंबले होते. मग त्याच्या सुपीक डोक्यातून एक खेळ निघाला. सात माणसं गडावर आणायची, रोज एक डाव लावायचा आणि हरेल त्याचं मुंडकं तिथल्या तिथे उडवायचं. शेवटी एकच उरेल, त्याला आख्खं गाव इनाम. बघणाऱ्यांनी सज्जात बसून टाळ्या वाजवायच्या. टाळ्या वाजवणाऱ्यांना कुठल्या राज्यात तोटा असतो?

मागे एकदा कैदेतल्या एका डोंबाऱ्याने मेल्याचं सोंग केलं होतं आणि तिरडीवरून थेट गडाबाहेर जाऊन पसार झाला होता. त्यामुळे या वेळी राजाने कुलदेवीचा भंडारा उचलून सगळ्यांसमोर शपथच घेतली की, खेळात एकच उरेपर्यंत गडाबाहेर कुणी जाणार नाही, जिता नाही की मेलेला नाही. दरवाजाला अडसर पडला. प्रधानाने "वाहवा" म्हटलं. त्याला पगारच त्याचा मिळायचा.

सातांपैकी सहा जण कैदखान्यातून आणले. सातवी होती भिवरा, मुदपाकखान्यात भाकऱ्या थापणारी. तिचा गुन्हा एवढाच की, खेळाचा बेत कसा वाटला असं राजाने हौसेने विचारलं आणि तिने खरं सांगितलं. ती म्हणाली, "जत्रेत बोकड कापतात तेव्हा निदान रस्सा तरी मिळतो." दुसऱ्या क्षणी बाई यादीत.

पहिला डाव डोक्यावर भरली घागर घेऊन तुळईवरून चालायचा. रंगोबा पैलवान मिशीला पीळ देत गेला, भिवरा तर गप्पा मारत गेली. गणू साळी मात्र साठीचा, जन्मभर मागावर बसून पाय आखडलेले. चौथ्या पावलाला घागरीसकट खाली आला. सज्जातल्या बायकांनी डोळे झाकले, बोटांत फट ठेवून. गणूला गुडघ्यावर बसवलं आणि मारेकऱ्याने तलवार उचलली.

"थांब रे जरा," भिवरा म्हणाली. "महाराज, तुमचं जेवण झालं का?"

राजाला वाटलं, बाई भीतीने बिघडली. तो म्हणाला, "अजून नाही. का गं?"

"मग आधी जेवून घ्या. याची मान पडल्यावर पुन्हा ताट कधी समोर येईल, सांगता येत नाही."

राजाने भुवया चढवल्या. भिवराने पदर खोचला आणि लहान पोराला समजवावं तसं सांगितलं, की अंगणात मढं असेतोवर घरात चूल पेटत नाही. ते उचलून नेलं, माणसं आंघोळी करून आली, की मगच भांडं चढतं. ही रीत झोपडीतही आहे आणि गडावरही.

"मग प्रेत उचलतील!"

"उचलून नेतील कुठे? दरवाजाला अडसर तुम्हीच घातलात. मेलेलाही बाहेर जाणार नाही, असं भंडारा उचलून बोललात."

राजा म्हणाला, तटावरून खाली टाकू. भिवरा म्हणाली, तटाखालची जागा गडाबाहेरच येते. राजा म्हणाला, मग आतच जाळू. त्यावर गडावरच्या देवळाचा पुजारी उठून उभा राहिला. देवीच्या दारात सरण रचायचं असेल, तर आधी मला त्यावर चढवा म्हणाला. आयुष्यात पहिल्यांदाच तो ताठ उभा राहिलेला लोकांनी पाहिला.

राजाने मुदपाकखान्याला हुकूम सोडला, की काहीही होवो, चूल पेटलीच पाहिजे. एकही बाई जागची हलली नाही. वरून राणीसाहेबांचा आवाज आला, "अंगणात मढं आणि माझ्या घरात कढई? मी जिवंत असेपर्यंत नाही."

आता राजाला घाम फुटला. पण हट्ट सोडेल तर राजा कसला! तो म्हणाला, "ठीक आहे. रोज एक, म्हणजे सहा दिवस. राहीन मी उपाशी. पण भिवरे, एवढी शहाणी आहेस तर सांग, या खेळात शेवटी कोण वाचणार? उत्तर पटलं तर सगळ्यांना सोडतो. नाही पटलं तर गणूच्या आधी तुझी मान."

भिवराने गणूकडे पाहिलं, मग राजाच्या पोटाकडे पाहिलं, आणि तेही सावकाश.

"आम्हा सातांतलं कोण वाचेल ते देवी जाणे. पण पहिलं मढं पडलं की खेळात आठवे तुम्ही. मागच्या दुष्काळात आम्ही आठ-आठ दिवस नुसत्या पाल्यावर काढलेत. तुम्ही काल न्याहारी आणि जेवणाच्या मधल्या वेळात माझ्याकडून तीनदा भाकरी मागवलीत, लोण्यासकट. आता तुम्हीच सांगा महाराज, आठांत आधी कोण आडवं होईल?"

प्रधान हसला आणि लगेच खोकला. राजा लाल झाला. तेवढ्यात त्याच्या पोटानेच असा काही गुरगुराट केला, की सज्जातल्या शेवटच्या बाईलाही ऐकू गेला. मग राजालाच हसू फुटलं. सिंहासन धरून तो डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसला.

"पटलं बाई, पटलं! पण माझ्या शपथेचं काय करू? एकच उरेपर्यंत दरवाजा उघडता येत नाही."

भिवरा मातीत फतकल मारून बसली. "मी नाही खेळत," म्हणाली. रंगोबा बसला, बाकीचेही बसले. गणू तर आधीच खाली होता.

"मोजा महाराज. आम्ही सातही खेळातून उठलो. उरला तो आठवा. तुम्ही जिंकलात!"

राजा पुन्हा इतका हसला की मुकुट घसरून मांडीवर आला. त्याने अडसर काढवला, सहाही जणांना धोतरजोडी देऊन घरी धाडलं आणि जिंकलेलं गाव तिथल्या तिथे भिवराच्या नावे करून टाकलं.

मग तो घाईघाईने पाटावर बसला आणि भाकरी आणा म्हणाला. तेव्हा कुठे त्याच्या लक्षात आलं, की थापणारी बाई आपल्या गावाला निघून गेली.