सुभाना रायरंदाचा दोर

फार वर्षांपूर्वी, धामणा नदी उतरायची तर धोतर डोक्याला गुंडाळून उतरावं लागे, तेव्हाची ही गोष्ट. तळसांगवीत दर साली सुभाना नावाचा एक रायरंद यायचा. कुणी त्याला बहुरूपी म्हणा, कुणी भोरपी. पोटासाठी सोंग घेणारा माणूस. तरुणपणी त्याचा आवाज असा की शिपायाच्या वेशात तो वेशीवर नुसता खाकरला तरी निम्मं गाव मागच्या दाराने पसार व्हायचं, असं म्हणतात. ज्यांनी काही केलेलं नसायचं तेसुद्धा पळायचे.

मग एका साली तापाची साथ आली. सुभाना वाचला, पण त्याचा आवाज गेला. रायरंदाचा आवाज जाणं म्हणजे कुंभाराचं चाक मोडणं. सहा महिने तो तळसांगवीतच मारुतीच्या पारावर बसून राहिला आणि माणसं कामं कशी करतात ते बघत राहिला. बाई घागर उचलते तेव्हा हाताच्या आधी तिची मान ताठ होते. पोतं उचलणारा आधी पोटात श्वास धरतो. ओझं हातात नसतं, ते टाचेत असतं, हे त्याला त्या पारावर कळलं.

सातव्या महिन्यात तो उठला आणि डोक्यावर नसलेली घागर घेऊन गल्लीतून चालू लागला. ती इतकी काठोकाठ भरलेली होती की अंगावर पाणी सांडेल म्हणून लोक भिंतीला चिकटले. तो नसलेला ऊस सोलायचा आणि बघणाऱ्यांच्या तोंडाला पाणी सुटायचं. एकदा त्याने नसलेलं दार लावून घेतलं, तर पाटलाचं कुत्रं बाहेरच बसून राहिलं, असं म्हणतात.

गावात एकच माणूस त्याला भुललं नाही, ती राहीबाई. तिची नजर मोठी तिखट. ओट्यावर पाय सोडून ती सगळं बघायची आणि शेवटी म्हणायची, "हातात काय बी न्हाई तुज्या, सुभाना. ज्या दिशी मला फशिवशील, त्या दिशी पायलीभर जोंधळं घिऊन जा." सुभाना हसून हात जोडायचा आणि पुढच्या दाराला जायचा. पण ते त्याच्या मनाला लागायचं. त्या एका बाईसाठी तो दर साली काहीतरी नवं बसवून आणायचा आणि दर साली हरायचा.

अशी सोळा वर्षं गेली. भादव्यातला एक दिवस होता. नदीच्या मधोमध खडकाचं बेट आहे, त्यावर साती आसरांचं, म्हणजे पाण्यातल्या सात देवींचं, ठाणं आहे. तिथे ओटी भरायला राहीबाई आणि आणखी आठ जणी गुडघाभर पाण्यातून गेल्या. इकडे लख्ख ऊन पडलेलं. वर डोंगरात कुठे पाऊस कोसळला होता देव जाणे, पाणी आलं ते एकदम आलं, गढूळ, मुळासकट झाडं घेऊन. घटकाभरात बेट अंगणाएवढं उरलं.

सगळं गाव काठावर धावलं. मोटेचे नाडे एकाला एक बांधून फेकले, ते अर्ध्यातही पोचेनात. दोन पट्टीचे पोहणारे उतरले, त्यांना पाण्याने खाली नेऊन काठावर टाकून दिलं. हाक मारावी तर नदीच्या गर्जनेत आपली हाक आपल्यालाच ऐकू येईना. बेटावर बायकांच्या घोट्याला पाणी लागलं.

तेव्हा सुभाना पुढे झाला. काठावरच्या चिंचेच्या बुंध्याला त्याने काहीतरी गुंडाळलं, गाठ मारली, ओढून पाहिली आणि वर आणखी एक गाठ मारली. राहीबाईचा नवरा दाजीबा त्याच्या अंगावर धावून गेला.

"आरं, ही काय सोंगाची येळ हाय का? बाया मरायल्यात तिकडं."

सुभानाने त्याच्याकडे पाहिलं आणि नसलेल्या दोराचा एक पदर त्याच्या हातात दिला. दाजीबाचा खांदा ओझ्याने झुकला, असं म्हणतात.

मग सुभानाने वेटोळं फिरवलं आणि फेकलं. काठावरच्या सगळ्या नजरा वर गेल्या, नदीवरून गेल्या आणि बेटावर उतरल्या.

पलीकडे राहीबाई उभी होती. सुभानाला एवढ्या लांबूनही तिचं तोंड दिसत होतं. आज ती हसली असती तर नऊ जीव गेले असते, आणि हे त्याला ठाऊक होतं. तिने त्याच्या हातांकडे पाहिलंच नाही. हात ती सोळा वर्षं बघत आली होती. तिने त्याच्या टाचा पाहिल्या. त्या चिखलात रुतत होत्या, घोट्यापर्यंत रुतल्या. कुणी ओढल्याशिवाय माणूस असा रुतत नाही. राहीबाई वाकली आणि तिने दोर धरला.

राहीबाईने धरला म्हटल्यावर बाकीच्या आठ जणींना शंका उरली नाही. एकीमागे एक त्या पाण्यात शिरल्या. पाणी छातीला आलं, मग गळ्याला आलं. पाय सुटले तरी कुणाचे हात सुटले नाहीत. इकडे दाजीबा ओढत होता, त्याच्यामागे दहा जण, मग सगळं गाव. एक मोठा ओंडका बायकांच्या रोखाने आला आणि मधेच कशाला तरी अडून थांबला, असं म्हणतात. मी नाही सांगत, गाव सांगतं. राहीबाई सगळ्यांत शेवटी काठाला लागली, कारण टोक तिच्याकडे होतं.

सगळ्यांनी हात सोडले. सुभानाच्या मुठी मात्र उघडेनात. तेल चोळलं, शेक दिला, वैदू आणला. राहीबाईने त्याच्या बोटांच्या फटीतून एक धागा ओढून काढला, तो दोर वळतात त्या अंबाडीचा होता, असं म्हणतात. त्या मुठी पुढे कधीच उघडल्या नाहीत. आवाज तापाने नेला होता, आता ज्या हातांनी तो बोलायचा ते हातही गेले. सुभाना रडला, आणि त्याच्याबरोबर सगळा काठ रडला.

राहीबाई त्याला घरी घेऊन गेली. तो जगला तोवर तिने रोज आपल्या हाताने त्याला घास भरवला. पहिल्या दिवशी तो तोंड उघडेना, तेव्हा ती म्हणाली, "तू मला फशिवलं न्हाईस रं, म्हून देते. खा."

आजही भादव्यात त्या दिवशी तळसांगवीत दुपारपर्यंत कुणी बोलत नाही. वाण्याकडचा सौदासुद्धा खाणाखुणांनी होतो, आणि सासवा-सुनांना तो दिवस बरा जातो. दुपारी अर्धं गाव नदीच्या पलीकडे जातं, अर्धं अलीकडे राहतं आणि दोन्ही काठ मिळून तो दोर ओढतात. पाहुणे हसतात, मग कुणीतरी त्यांनाही रांगेत घेतं. नियम एकच आहे. दोर आपण आधी सोडायचा नाही, पलीकडचं माणूस अजून पाण्यात असेल. म्हणून कधीकधी ऊन उतरतं तरी दोन्ही काठ तसेच उभे असतात, टाचा रोवून, आणि सोडायला कुणीच तयार नसतं.