साहेबांचं ताट

आमच्या शाळेत बारा वर्षं फुलाबाई खिचडी रांधते. एक दिवस तालुक्याचे साहेब हुकमाचा कागद घेऊनच आले.

"खिचडीत खडे निघतात अशी तक्रार आहे. उद्यापासून तुम्ही कामावर नाही."

"कुणा मेल्याची तक्रार? अन् मला विचारलंत का?"

"त्यात विचारायचं काय? तक्रार आली, हुकूम निघाला."

हे काम गेलं तर तिच्या घरची चूल बंद. पण बाई रडली नाही. "बरं," म्हणाली, "उन्हातनं आलात, दोन घास खाऊन जा."

साहेब मांडी घालून बसले. वाफाळती खिचडी, वर तेलाची धार. पहिला घास घेणार, तोच फुलाबाईनं ताट उचललं.

"अहो, हे काय?"

"तुमचं पोट भरलंय, अशी तक्रार आलीय."

"कुणी सांगितलं? सकाळपासून उपाशी आहे मी! मला विचाराल तरी की नाही?"

पोरं खो खो हसली. फुलाबाईनं ताट परत ठेवलं, शेजारी तो कागद ठेवला.

"हेच यावर लिहा, साहेब. मग जेवा."

साहेबांनी लिहिलं, 'बाईंचं म्हणणं ऐकल्याशिवाय हुकूम लागू नाही.' मग तीनदा खिचडी मागून घेतली. एखादा खडा लागला असता, तरी फुलाबाईला विचारूनच ओरडले असते.